लेखणी, कॅमेरा आणि कात्री

हिंदी सिनेमाच्या वितरणाच्या धंद्यात देशाचे जे विभाग मानले जातात, त्यांतल्या एकाचं नाव आजही ‘निजाम’ आहे. तेलंगणा, कर्नाटकातला बिदर-गुलबर्ग्याचा पट्टा आणि मराठवाडा मिळून तो होतो. निजामाची राजवट 17 सप्टेंबर 1948 रोजी संपली. 1956 मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि 1960 मध्ये महाराष्ट्र झाला. सिनेमाच्या हिशेबवहीत मात्र नांदेड जिल्ह्यातलं बिलोली हैदराबादच्याच खात्यावर राहिलं.

मांजरेच्या काठचा हा तालुका. हद्द ओलांडली की तेलंगणा. बाजारात मराठी, तेलुगू आणि दखनी अशा तिन्ही बोली कानावर पडतात, आणि तेलुगू नटांचं कौतुक इथल्या पोरांना मराठी नटांइतकंच आहे. सिनेमा इथे भरपूर येतो, पण इथून बाहेर जात नाही. तरी सिनेमा करण्याची दोन अवजारं तालुक्याच्या कुठल्याही गावात आज हाताशी आहेत. फोटो स्टुडिओ चालवणारा तरुण दिवसा हळदीचं आणि लग्नाचं शूटिंग करतो, रात्री कॉम्प्युटरवर बसून त्याचं ‘मिक्सिंग’ करतो. वरातीतला कुठला क्षण ठेवायचा, रडणाऱ्या आईवरून नवरीवर कधी यायचं, गाणं कुठे तोडायचं, हे तो रोज ठरवत असतो. त्याच्याकडे कॅमेरा आहे आणि कात्रीही आहे. लेखणी मात्र अजून त्याच्या हातात आलेली नाही. आपल्याकडे सांगण्यासारखं काही आहे आणि ते आपणच रचू शकतो, असं त्याला कुणी सांगितलेलं नाही. ते सांगण्यासाठी हे पुस्तक आहे.

लिहिणं, चित्रित करणं आणि संकलन करणं ही तिन्ही कामं ज्यांनी स्वतःच्या हातांनी केली, किंवा एका कामातून दुसऱ्यात शिरून सिनेमाला वेगळं वळण दिलं, अशा माणसांच्या कारकिर्दी हा या पुस्तकाचा विषय. मराठी माणसाला हा विषय परका नाही. भारतीय कथाचित्रपटाची सुरुवातच अशा एका माणसापासून झाली.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म 1870 चा, त्र्यंबकेश्वरचा. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि नंतर बडोद्याच्या कलाभवनात ते शिकले. गोध्र्यात त्यांनी छायाचित्रणाचा व्यवसाय केला, पुरातत्त्व खात्यात आरेखकाची नोकरी केली, आणि लोणावळ्याला राजा रविवर्म्यांच्या छापखान्याशी त्यांचा संबंध आला. 1911 मध्ये गिरगावातल्या तंबूत येशूच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला, तेव्हा प्रतिमा कशी घडवायची आणि कशी छापायची हे त्यांना ठाऊक होतं. ती हलवायची कशी, एवढंच उरलं होतं. त्यांनी त्याचा असा ध्यास घेतला की रोज तासन्‌तास चित्रपट पाहून काही काळ दृष्टी अधू झाली. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून ते 1912 च्या फेब्रुवारीत लंडनला गेले. सेसिल हेपवर्थच्या स्टुडिओत काम पाहिलं, विल्यमसन कॅमेरा आणि फिल्मला भोकं पाडण्याचं यंत्र घेतलं आणि एप्रिलच्या सुरुवातीला परतले. पहिला प्रयोग त्यांनी वाटाण्याच्या रोपावर केला. ते दिवसेंदिवस वाढताना टिपून ‘अंकुराची वाढ’ हा छोटा चित्रपट तयार केला आणि तो दाखवून भांडवल उभं केलं.

3 मे 1913 रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. कथेची मांडणी, दिग्दर्शन, नेपथ्य, रसायनांचं काम आणि फिल्मची जुळवाजुळव ही सगळी फाळक्यांची. कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांच्या हाती होता, पण त्यांनाही तो चालवायला फाळक्यांनीच शिकवलं होतं.

या कहाणीत आणखी एक नाव नेहमी दुसऱ्या ओळीत जातं. कोरी फिल्म तेव्हा भोकं न पाडलेली येई. अंधारात बसून ती भोकं पाडण्याचं, रसायनं कालवण्याचं आणि सगळ्या मंडळींचं जेवण रांधण्याचं काम सरस्वतीबाई फाळक्यांनी केलं. एका माणसाने सगळं केलं असं जेव्हा सांगितलं जातं, तेव्हा त्याच्या घरात आणखी कोण जागं होतं हेही विचारायला हवं. या पुस्तकातल्या बहुतेक कारकिर्दींना हा प्रश्न लागू पडतो.

फाळक्यांनी 1917 मध्ये ‘चित्रपट कसे तयार करतात’ नावाचा एक छोटा चित्रपट केला. त्यात ते स्वतः कलाकारांना सूचना देताना आणि फिल्मवर काम करताना दिसतात. त्याच सुमारास ‘नवयुग’ मासिकात त्यांनी भारतीय चित्रपटावर लेखमाला लिहिली. म्हणजे कॅमेऱ्याने आणि लेखणीने अशा दोन्ही वाटांनी ते आपली विद्या उघडी करत होते. सिनेमा कसा बनतो हेच सिनेमात दाखवणारी झिगा व्हर्टोव्हची ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ ही जगप्रसिद्ध सोव्हिएत फिल्म 1929 ची. तिच्यात संकलनाच्या टेबलाशी बसलेली व्हर्टोव्हची पत्नी येलिझावेता स्विलोव्हा पडद्यावर दिसते. फाळक्यांचा प्रयत्न तिच्या बारा वर्षं आधीचा आहे, आणि मराठी वाचकाने त्याचा अभिमान मोकळेपणाने बाळगावा.

कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी आणखी एक पाऊल टाकलं: कॅमेराच घरी बनवला. चुलतभाऊ आनंदरावांबरोबर त्यांनी ही खटपट सुरू केली. आनंदराव 1916 मध्ये गेले, तरी पेंटर थांबले नाहीत, आणि 1918 पर्यंत कॅमेरा उभा राहिला. त्यावर 1920 चा ‘सैरंध्री’ झाला. 1925 चा ‘सावकारी पाश’ ही जमीन गमावलेल्या शेतकऱ्याची गोष्ट, आणि त्या शेतकऱ्याच्या भूमिकेत तरुण शांताराम वणकुद्रे. मराठवाड्यातल्या प्रेक्षकाला हा विषय शंभर वर्षांनंतरही जुना वाटणार नाही.

पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतून बाहेर पडून शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर यांनी 1929 मध्ये ‘प्रभात’ काढली. बोलपट आला, स्टुडिओ मोठा झाला आणि कामांच्या वाटण्या पक्क्या झाल्या. लेखक खोलीत बसणार, छायाचित्रकार सेटवर असणार, संकलक कात्री घेऊन अंधाऱ्या खोलीत. त्या शिस्तीशिवाय ‘संत तुकाराम’ (1936) झाला नसता, हे खरं. पण गंमत अशी की तो चित्रपट दिग्दर्शित केला दामले आणि फत्तेलाल यांनी. ध्वनीची बाजू सांभाळणारा एक आणि कलादिग्दर्शन करणारा दुसरा. छायाचित्रकार धायबरांनी ‘राजपूत रमणी’ दिग्दर्शित केला. प्रभातच्या संकलन विभागात घडलेल्या अनंत मान्यांनी पुढे ‘सांगत्ये ऐका’ (1959) केला, आणि तो पुण्याच्या विजयानंद थिएटरात 131 आठवडे चालला. तमाशाच्या फडावरची लय कुठे लांबवायची आणि कुठे तोडायची, याचं मान्यांचं भान कात्रीच्या टेबलावर तयार झालेलं होतं. कामांमध्ये भिंती उभ्या राहिल्या तरी त्यांना दारं होती, हे या पिढीकडून समजतं.

1960 मध्ये प्रभातच्याच आवारात सरकारने चित्रपटाची शाळा काढली, ती पुण्याची एफटीआयआय. दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, ध्वनी अशा वेगवेगळ्या शाखा तिथे आहेत, पण विद्यार्थी एकमेकांच्या फिल्मवर काम करतात आणि एका शाखेत शिकलेला दुसरीत सहज पाय ठेवतो. मराठी सिनेमाला तिथून छायाचित्रकार-दिग्दर्शकांची एक चांगली धारा मिळाली. अविनाश अरुण यांनी ‘किल्ला’ (2014) दिग्दर्शित केला आणि त्याचा कॅमेराही स्वतः सांभाळला. आईच्या बदलीमुळे कोकणात आलेल्या मुलाचं एकटेपण त्यात पाऊस, समुद्र आणि ओल्या भिंती सांगतात. संवादांवर फारसा भार नाही. ‘देऊळ’ आणि ‘सैराट’चे छायाचित्रकार सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी ‘नाळ’ (2018) लिहिला, दिग्दर्शित केला आणि चित्रितही केला. आंध्रातून आलेल्या माणसाने विदर्भातल्या नदीकाठच्या एका मुलाच्या मनात इतकं खोल उतरावं, ही सीमाभागाने विशेष ध्यानात घेण्याजोगी गोष्ट आहे. ज्या तालुक्यात मराठी आणि तेलुगू एकाच ओट्यावर बसतात, तिथला एखादा मुलगा हे काम करू शकणार नाही असं मानायला काहीच आधार नाही.

कात्रीच्या बाजूने आलेलं उदाहरण चैतन्य ताम्हाणे यांचं. ‘कोर्ट’ (2014) त्यांनी लिहिला आणि दिग्दर्शित केला. ‘द डिसायपल’ (2020) मध्ये संकलनही स्वतः केलं आणि व्हेनिसच्या महोत्सवात पटकथेचं पारितोषिक मिळवलं. शास्त्रीय गायकाची तयारी दाखवताना तान किती वेळ ऐकू द्यायची, हा प्रश्न पटकथेच्या कागदावर सुटत नाही, तो संकलनातच सुटतो. लेखक आणि संकलक एकच असला की उत्तर दोघांच्या वादात अडकत नाही. अक्षय इंडीकर यांच्या ‘त्रिज्या’ आणि ‘स्थलपुराण’ या चित्रपटांतही लेखनापासून संकलनापर्यंत एकाच मनाची लय जाणवते.

बिलोलीच्या अगदी शेजारची गोष्ट मात्र गोविंद निहलानींची. श्याम बेनेगलांच्या ‘अंकुर’ (1974) आणि ‘निशांत’ (1975) या चित्रपटांचे छायाचित्रकार ते. दोन्हींची पार्श्वभूमी तेलंगणातल्या जमीनदारीची, दोन्हींत दखनीचा वास, आणि ‘निशांत’ची पटकथा विजय तेंडुलकरांची. त्याच तेंडुलकरांची पटकथा घेऊन निहलानींनी 1980 मध्ये ‘आक्रोश’ दिग्दर्शित केला आणि कॅमेराही स्वतःकडेच ठेवला. गढी, देशमुखी, वेठबिगार हे जग मराठवाड्याने निजामाच्या राज्यात तसंच भोगलं आहे. मांजरेच्या त्या अंगाची गोष्ट पडद्यावर आली; या अंगाची अजून यायची आहे.

आता माहितीपटाची वाट. तिन्ही कामं एका हाती ठेवण्याची परंपरा खऱ्या अर्थाने इथे टिकली, आणि त्यात आनंद पटवर्धन यांच्याइतकी दीर्घ कारकीर्द भारतात क्वचितच कुणाची असेल. 1950 मध्ये मुंबईत जन्मलेल्या पटवर्धनांनी बिहारमधल्या जयप्रकाशांच्या आंदोलनावर ‘क्रांती की तरंगें’ केला. साधनं अपुरी असल्याने सुपर 8 वर टिपलेला भाग पडद्यावर टाकून 16 मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने पुन्हा टिपला. आणीबाणीत तो चित्रपट तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर न्यावा लागला. पुढे झोपडपट्ट्या पाडण्यावरचा ‘हमारा शहर’ (1985), अयोध्येवरचा ‘राम के नाम’ (1992), अणुचाचण्यांनंतरचा ‘जंग और अमन’ (2002). बहुतेक चित्रपटांत कॅमेरा त्यांच्या खांद्यावर, संकलन त्यांच्या हाताने, आणि प्रदर्शनासाठी कोर्टाची पायरीही त्यांनीच चढलेली.

‘जय भीम कॉम्रेड’ (2011) मात्र स्वतंत्र परिच्छेदाचा हक्कदार आहे. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपलं जीवन संपवलं. घोगऱ्यांचं गाणं पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये होतं. तिथून चौदा वर्षं ते या वस्तीत, कोर्टात, जलशांत, सभांत कॅमेरा घेऊन फिरत राहिले. तीन तासांहून मोठा हा चित्रपट आंबेडकरी गाण्याचा आणि माणसांचा एक इतिहासच झाला आहे. त्याची संहिता आधी लिहिलेली असणं शक्यच नव्हतं. माणसं म्हातारी होत गेली, खटला चालत राहिला, नवी पोरं गाऊ लागली, तशी ती घडत गेली. इथे लिहिणं होतं ते संकलनाच्या टेबलावर: कुठल्या भाषणाला कुठलं गाणं लागून ठेवायचं, कुठल्या चेहऱ्यावर थांबायचं. नामांतराच्या लढ्याची झळ ज्या नांदेड जिल्ह्याने सोसली, तिथल्या वाचकाला या चित्रपटाची ओळख करून द्यावी लागणार नाही. आपल्या आजोबांच्या तोंडी असलेल्या आठवणीही अशाच टिपून ठेवता येतात, एवढं मात्र तो पाहताना लक्षात यावं.

चौथी वाट ना स्टुडिओची, ना शाळेची, ना चळवळीची. ती मालेगावची. यंत्रमागांच्या या गावात व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर शेख यांनी 2000 च्या सुमारास ‘मालेगाव के शोले’ केला. पार्लरमध्ये देशोदेशीचे चित्रपट पाहून त्यांना व्याकरण कळलं होतं. लग्नाच्या शूटिंगमधून कॅमेरा हातात बसला. दोन व्हीसीआर जोडून संकलन झालं. सायकलची ट्रॉली केली, बैलगाडीची क्रेन केली, आणि आपल्याच गावातल्या माणसांना नट केलं. त्यांच्या ‘सुपरमॅन’च्या निर्मितीवर फैझा अहमद खान यांनी केलेला माहितीपट जगभर पाहिला गेला आणि अलीकडे रीमा कागती यांनी या मंडळींवर पूर्ण लांबीचा हिंदी चित्रपट काढला. मालेगावकडे कौतुकाने हसत पाहण्याची सवय समीक्षकांना लागली आहे; ती सोडायला हवी. यंत्रमागावर बारा तास राबणाऱ्या प्रेक्षकाला आठवड्यातून एकदा कशाने हसू येईल, याचा विचार करून लिहिलेले हे चित्रपट होते. त्यांत विडंबन असलं तरी कारागिरी पूर्ण गांभीर्याची होती.

आसामातल्या रीमा दास यांनी हीच वाट फार दूरवर नेली. मुंबईत अभिनय करायला आलेली ही तरुणी कॅमेरा घेऊन आपल्या कलरदिया गावी परतली आणि गावातल्या मुलांना घेऊन ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ केला. लेखन, दिग्दर्शन, निर्मिती, छायाचित्रण आणि संकलन तिचंच, आणि शिक्षण कुठल्याही चित्रपटशाळेचं नाही. 2018 मध्ये त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा आणि संकलनाचाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढे अमेरिकेत शॉन बेकर यांना ‘अनोरा’साठी 2025 च्या मार्चमध्ये एकाच रात्री निर्मिती, दिग्दर्शन, पटकथा आणि संकलन असे चार ऑस्कर मिळाले. त्याच बेकरांचा 2015 चा ‘टँजरिन’ आयफोनवर चित्रित झालेला होता. याचा अर्थ कुठलाही मोबाइल उचलला की चित्रपट होतो असा कुणी काढू नये. त्यामागे बेकरांची अनेक वर्षांची संकलनाची तालीम आहे.

हे सगळं आज सांगण्याची निकड आहे. महागडी फिल्म, ती धुणारी लॅब, संकलनाचं भाड्याचं यंत्र, या तीन अडथळ्यांनी खेड्यातल्या माणसाला शंभर वर्षं बाहेर ठेवलं होतं. गेल्या पंधरा-वीस वर्षांत ते तिन्ही गळून पडले. उरला तो चौथा, गोष्टीवरच्या हक्काचा. नांदेड जिल्ह्यातल्या नागदरवाडीच्या पाण्याची गोष्ट आदिनाथ कोठारे यांनी ‘पाणी’मध्ये आत्मीयतेने सांगितली आणि पर्यावरण संरक्षणावरच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवला, ही आनंदाची बाब आहे. पण मांजरेच्या वाळूची, कामासाठी हद्द ओलांडून जाणाऱ्या कुटुंबांची, घरात तेलुगू आणि शाळेत मराठी बोलणाऱ्या पोरीची गोष्ट बाहेरून कुणी येऊन सांगेपर्यंत थांबायचं कशासाठी? सरफराज खानाच्या दगडी मशिदीपासून सगरोळीच्या माळावर उभ्या राहिलेल्या शिक्षणसंस्थेपर्यंत या एका तालुक्यात किती विषय आहेत, हे इथल्या माणसालाच दिसू शकतं.

एकहाती कामाचे धोकेही या पुस्तकात झाकलेले नाहीत. स्वतः टिपलेला शॉट स्वतः कापणं सर्वांत अवघड. पहाटे चारला उठून, थंडीत उभं राहून मिळवलेलं दृश्य गोष्टीला नको असलं तरी हात अडतो. म्हणूनच यातल्या अनेकांनी पहिलं संकलन झाल्यावर ते परक्या डोळ्यांना दाखवलं, कुणी शेजाऱ्याला, कुणी वस्तीतल्या लोकांना. दुसरा धोका आवाजाचा. एकट्या माणसाचं लक्ष चित्राकडे असतं, आणि ध्वनी मागे राहतो. आपल्याकडच्या कित्येक प्रामाणिक लघुपटांचा घात तिथेच झाला आहे. तिसरा धोका पैशाचा. तिन्ही कामं करणाऱ्याला तिन्हींचे पैसे मिळतात असं नाही, बऱ्याचदा एकाचेही मिळत नाहीत.

या पुस्तकाची रचना कालक्रमाने नाही, कामाच्या क्रमाने आहे: आधी लेखणीतून आलेले, मग कॅमेऱ्यातून, मग कात्रीतून, आणि शेवटी तिन्ही एकदम उचलणारे. त्यामुळे फाळके आणि नासिर शेख एकमेकांच्या शेजारी येतात, आणि तो शेजार योग्यच आहे. इथे पुरस्कारांच्या याद्या कमी आणि निर्णयांचं वर्णन जास्त आहे: अमुक दृश्य का लिहिलं, कॅमेरा कुठे ठेवला, नंतर ते का काढलं. समीक्षेची जड परिभाषा मुद्दाम टाळली आहे. मराठी सिनेमाचा संपूर्ण इतिहास इथे मिळणार नाही. तमाशापट, विनोदपट आणि बोलपटांच्या सुवर्णकाळावर स्वतंत्र ग्रंथ आहेत. स्त्रियांची नावं मात्र जाणीवपूर्वक शोधून पुढे आणली आहेत, कारण त्या कामात होत्या आणि नामावलीत नव्हत्या.

वाचकाने हे पुस्तक चित्रपट पाहत पाहत वाचावं. सुरुवात ‘किल्ला’ने करावी, तो आवाज बंद करून एकदा पाहिला तर कॅमेऱ्याचं लेखन दिसतं. मग ‘द डिसायपल’, संकलनाकडे लक्ष देऊन. मग ‘जय भीम कॉम्रेड’, एका बैठकीत. आणि ज्याच्या हातात लग्नाच्या शूटिंगचा कॅमेरा आहे, त्याने पुस्तकाचा शेवटचा भाग आधी वाचला तरी चालेल. त्यात दहा मिनिटांचा चित्रपट लिहिण्यापासून मिक्सिंगपर्यंत कसा नेतात याची टिपणं आहेत, आणि ती लग्नसराई संपल्यावरच्या रिकाम्या महिन्यांत करून पाहता येतील अशा बेताने दिली आहेत.